शार्क माणसांवर किती वेळा हल्ला करतात? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जगभरात दरवर्षी शार्कचे किती हल्ले होतात?

माणसाने छेड काढलेली नसताना झालेले चावे साधारण ५० ते १०० च्या दरम्यान, आणि त्यातले मृत्यू बहुतेक वर्षी दहाच्या आतबाहेर. 'इंटरनॅशनल शार्क अटॅक फाइल' हे १९५८ साली सुरू झालेलं दफ्तर आज फ्लोरिडा विद्यापीठाचं नैसर्गिक इतिहास संग्रहालय सांभाळतं. त्याच्या वार्षिक अहवालांतले आकडे असे:

२०१९: ६४ चावे, २ मृत्यू
२०२०: ५७ चावे, १० मृत्यू
२०२१: ७३ चावे, ९ मृत्यू
२०२२: ५७ चावे, ५ मृत्यू
२०२३: ६९ चावे, १० मृत्यू
२०२४: ४७ चावे, ४ मृत्यू

सहा वर्षांत ३६७ चावे आणि ४० मृत्यू. म्हणजे चावा बसलेल्यांपैकी साधारण नऊ जणांत एक दगावतो, बाकीचे वाचतात. सगळ्यात जास्त नोंदी २०१५ सालच्या आहेत, ९८. जुन्या वर्षांचे आकडे मागाहून एखाद्या-दुसऱ्या प्रकरणाने बदलतात, कारण चौकशी कधीकधी अहवाल छापून झाल्यावर पुरी होते.

मग काही ठिकाणी याहून मोठे आकडे का दिसतात?

कारण मोजायचं काय, हे प्रत्येकाचं वेगळं. वरच्या आकड्यांत फक्त एकच वर्ग धरला आहे: जिवंत माणूस, शार्कचं नैसर्गिक पाणी आणि माणसाकडून छेड नाही. २०२४ मध्ये या दफ्तराकडे ८८ प्रकरणं तपासाला आली. त्यातली ४७ या वर्गात बसली, २४ छेड काढल्यावर झालेली ठरली आणि उरलेली इतर वर्गांत गेली. त्या वर्षी शार्कशी संबंधित एकूण मृत्यू ७ होते, पण छेड न काढता झालेले ४. बातमीत सातही येऊ शकतात आणि चारही. दोन्ही खरे.

'ग्लोबल शार्क अटॅक फाइल' ही दुसरी मोठी यादी जवळजवळ सगळ्याच घटना नोंदवते, त्यामुळे तिची बेरीज मोठी दिसते. ऑस्ट्रेलियाची स्वतःची नोंद वेगळी आहे आणि ती १७९१ पर्यंत मागे जाते. दोन याद्यांची तुलना करण्याआधी व्याख्या बघावी. हे न बघता काढलेले 'हल्ले दुप्पट झाले' छापाचे मथळे बिनकामाचे असतात.

'छेड काढणे' यात काय काय येतं?

लोकांना वाटतं त्यापेक्षा बरंच. शार्कला हात लावणं, शेपूट ओढणं, हाताने खाऊ घालणं हे तर आलंच. पण भाल्याने मासे मारताना झालेला चावा, गळाला लागलेला शार्क सोडवताना झालेला चावा, जाळं उपसताना झालेला चावा, हेही याच खात्यात जातात. कोळ्याने शार्कला 'चिडवलं' असा आरोप इथे नाही. जखमी मासा, रक्त आणि धडपड यांमुळे शार्कच्या वागण्याची कारणं बदलतात, म्हणून हिशेब वेगळा ठेवतात.

याशिवाय होडीला किंवा कयाकला चावणं, आधीच बुडून मेलेल्या माणसाचं शरीर खाणं, मत्स्यालयात झालेली दुखापत, जहाज किंवा विमान बुडाल्यावरचे प्रसंग, असे स्वतंत्र वर्ग आहेत. ३० जुलै १९४५ रोजी जपानी पाणबुडीने बुडवलेली अमेरिकन युद्धनौका 'इंडियानापोलिस' शेवटच्या वर्गातली. जवळपास १,२०० खलाशांपैकी ३१६ वाचले. पाण्यात चार दिवस काढलेल्यांपैकी किती शार्कनी मारले आणि किती तहानेने, उन्हाने, खारं पाणी पिऊन किंवा जखमांनी गेले, हे सांगता येत नाही. त्यामुळे 'शार्कनी शेकडो खलाशी खाल्ले' हे वाक्य कुणी छातीठोकपणे लिहिलं असेल, तर ते बाजूला ठेवावं.

सगळ्यात जास्त हल्ले कुठे होतात?

अमेरिकेत, आणि तिथेही फ्लोरिडात. २०२४ च्या ४७ पैकी २८ अमेरिकेत, त्यातले १४ फ्लोरिडात, आणि त्या १४ पैकी ८ एकट्या व्होलुशिया काउंटीत (काउंटी म्हणजे आपल्याकडच्या जिल्ह्यासारखा भाग). जगातल्या दर सहा चाव्यांमागे एक त्या एका काउंटीच्या किनाऱ्यावर! ऑस्ट्रेलियात त्या वर्षी ९ झाले.

व्होलुशियात न्यू स्मर्ना बीचजवळ खाडीचं मुख आहे, पॉन्स इनलेट. ओहोटीला खाडीतलं पाणी लहान माशांचे थवे घेऊन बाहेर पडतं आणि त्या माशांमागे ब्लॅकटिप जातीचे शार्क येतात, साधारण दीड मीटर लांबीचे. लाटा नेमक्या त्याच जागी चांगल्या उठत असल्याने सर्फर तिथेच फळीवर बसून पाय पाण्यात सोडतात. पाणी गढूळ असतं. पांढुरका तळपाय चमकला की शार्क मासा समजून झडप घालतो, चूक कळताच सोडतो. जखम पावलाला किंवा पोटरीला, टाके पडतात, माणूस घरी जातो. चाव्यांच्या यादीत कायम वर असलेल्या या काउंटीत शार्कमुळे मृत्यूची नोंद नाही.

ऑस्ट्रेलियात नेमकं उलटं. चावे कमी, पण चावणारा ग्रेट व्हाइट, टायगर किंवा बुल या मोठ्या जातींपैकी असण्याची शक्यता जास्त. २०२३ मध्ये तिथे १५ चावे झाले आणि ४ माणसं गेली. त्यातले ३ मृत्यू दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या एअर द्वीपकल्पाच्या आसपासचे, जिथे ग्रेट व्हाइटचं खाद्य असलेले सील हे समुद्री प्राणी भरपूर आहेत, लाटा उत्तम आहेत आणि मोठं रुग्णालय लांब आहे.

सगळे शार्क माणसाला धोकादायक असतात का?

नाही. शार्कच्या पाचशेहून जास्त जाती आहेत. जीवघेण्या चाव्यांमागे मुख्यतः तीन असतात: ग्रेट व्हाइट, टायगर आणि बुल. व्हाइटच्या नावावर सगळ्यात जास्त नोंदी आहेत, तीनशेहून अधिक. बुल शार्कची नोंद खऱ्यापेक्षा कमी असावी असा अभ्यासकांचा अंदाज आहे, कारण त्याच्या अंगावर पट्टे नाहीत, ठळक खूण नाही आणि तो गढूळ पाण्यात चावतो. ज्याला चावला त्याला 'करड्या रंगाचं काहीतरी' एवढंच आठवतं.

नर्स शार्क शांत म्हणून प्रसिद्ध आहे आणि म्हणूनच लोक त्याची शेपूट ओढतात. तो चावला की सोडत नाही. हिसका देऊन ओढलं तर मांस फाटतं. अशा वेळी शक्य तितकं स्थिर राहून त्याला स्वतःहून सोडू द्यावं. तो चिकटलेला असतानाच माणसाला रुग्णालयात न्यावं लागल्याच्याही घटना आहेत.

महाराष्ट्र आणि गोव्याच्या किनाऱ्यावर किती धोका आहे?

फार कमी, पण शून्य नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये पालघर जिल्ह्यात मनोरजवळ वैतरणा खाडीत मासेमारीला उतरलेल्या तरुणाच्या पायाला शार्कने चावा घेतला आणि पाय गंभीर जखमी झाला. बातम्यांत तो बुल शार्क असल्याचं आलं. जागा बघून ते पटतं: बुल शार्कच्या माद्या पिलं घालायला खाडीत, नदीच्या मुखात शिरतात. समुद्रापासून इतक्या आत शार्क कसा आला, हा प्रश्न त्या वेळी सगळ्यांनी विचारला. गोड्या पाण्यात राहू शकणारा हा शार्क जगभर असाच नद्यांत चढतो.

बाजारात मुशी किंवा मोरी म्हणून जी येते ती बहुतेक वेळा स्कोलिओडॉन ही छोटी जात असते, पाऊण मीटरच्या वर न वाढणारी. ती माणसाला काहीही करत नाही. उलट आपणच तिचं कालवण करतो.

आपल्या किनाऱ्यावर शार्कपेक्षा पाकट आणि जेलीफिश यांची काळजी करणं शहाणपणाचं. २०१३ च्या गणेश विसर्जनात गिरगाव चौपाटीवर कित्येक भाविकांना पाकटांचे काटे लागले होते. उथळ वाळूत चालताना पाय उचलून न टाकता घासत चालावं, म्हणजे वाळूत दडलेलं पाकट आधीच निसटतं. काटा लागलाच तर पाय सोसेल इतक्या गरम पाण्यात, साधारण ४५ अंश, अर्धा ते दीड तास बुडवून ठेवावा. पाणी आधी दुसऱ्या, न दुखणाऱ्या पायाने तपासावं, कारण दुखऱ्या पायाला भाजल्याचं कळत नाही. काटा पोटात किंवा छातीत रुतला असेल तर उपटायचा नाही, तसंच रुग्णालयात जायचं.

आणि खरा धोका बुडण्याचा. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार २०२१ मध्ये जगात सुमारे ३ लाख माणसं बुडून मेली. पावसाळ्यात लाल बावटा असताना कोकणातल्या किनाऱ्यावर पाण्यात उतरणाऱ्याने शार्कची चौकशी करावी, हे जरा मजेशीरच आहे.

'शार्कपेक्षा नारळ डोक्यात पडून जास्त माणसं मरतात' हे खरं आहे का?

याला आधार नाही. 'वर्षाला १५० माणसं' हा आकडा वर्षानुवर्षं फिरतो आहे. त्याचा माग काढत गेलं की पापुआ न्यू गिनीतल्या एका रुग्णालयातल्या जखमींवरच्या १९८४ च्या लेखापाशी पोचतो, आणि त्या लेखात जगभराची मोजणी नाहीच. माडाखाली बसू नये हे बरोबर, पण आकडा रचलेला आहे.

शार्कमुळे मरण्याचा 'चाळीस लाखांत एक' हा धोका माझा धरायचा का?

धरू नका. अमेरिकेतल्या मृत्यूंची संख्या आणि सगळी लोकसंख्या घेऊन काढलेली ही आयुष्यभराची सरासरी आहे. तिच्या छेदात आयुष्यात समुद्र न पाहिलेली माणसंही आहेत. नागपूरला राहून कधीच समुद्रात न उतरणाऱ्याचा धोका शून्य. न्यू स्मर्नाला रोज सकाळी ओहोटीला फळी घेऊन जाणाऱ्याचा धोका सरासरीच्या कितीतरी पट. नीट हिशेब करायचा तर भागायला पाण्यात घालवलेले तास हवेत, आणि तेच फार थोड्या किनाऱ्यांवर मोजले जातात. त्यामुळे धोका विचारताना कुठे, कोणत्या वेळी, काय करताना, हे तीन प्रश्न आधी.

हल्ले वाढत आहेत का?

विसाव्या शतकाच्या तुलनेत नोंदी नक्कीच वाढल्या. लोकसंख्या वाढली, समुद्रात उतरणारे वाढले, प्रत्येकाच्या हातात कॅमेरा आला. गेल्या दशकात मात्र चढउतारच दिसतात. २०२४ मधली घसरण किंवा २०१५ मधली उसळी यातून कल काढू नये. इतक्या लहान संख्यांत एखादा गरम उन्हाळा किंवा माशांचा एखादा थवा आकडा हलवतो.

स्थानिक पातळीवर वाढ खरी असू शकते आणि तिथे बहुधा ठोस कारण सापडतं. ब्राझीलमधल्या रेसिफे शहरात १९९२ नंतर हल्ल्यांची मालिका सुरू झाली. दक्षिणेला सुआपे बंदर उभं राहताना बुल शार्क जिथे पिलं घालत त्या खाड्या बिघडल्या, हे त्याचं मुख्य स्पष्टीकरण मानलं जातं. तिथे १९९५ पासून सर्फिंगवर बंदी आहे. हिंदी महासागरातल्या रियुनियन बेटावर २०११ ते २०१९ दरम्यान ११ माणसं गेली. २०१३ मध्ये प्रशासनाने प्रवाळाच्या आतलं उथळ पाणी आणि देखरेखीच्या जागा सोडून बाकी ठिकाणी पोहणं आणि सर्फिंग बंद केलं. अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या केप कॉडला कारण वेगळं: १९७२ च्या कायद्याने सीलना संरक्षण मिळालं, सील वाढले, मागोमाग ग्रेट व्हाइट परतले. सप्टेंबर २०१८ मध्ये मॅसॅच्युसेट्सने १९३६ नंतरचा पहिला मृत्यू पाहिला. निसर्ग सावरला की असंही होतं.

एप्रिल २०२५ मध्ये इस्राएलमधल्या हदेराला एकाचा जीव गेला. तिथे वीजकेंद्राचं कोमट पाणी समुद्रात सुटतं, म्हणून हिवाळ्यापासून ड्युस्की आणि सँडबार जातीचे शार्क जमतात. ते बघायला माणसं जमतात, काही जण खाऊही घालतात. यात शेवटची गोष्ट टाळण्यासारखी होती.

शार्क माणसाला खायला येतो का?

बहुतेक वेळा नाही. नोंदींत तीन प्रकार दिसतात. पहिला: एक झडप, चावा, पसार. किनाऱ्याजवळच्या गढूळ पाण्यातला, सगळ्यात जास्त घडणारा. दुसरा: आधी घिरट्या, धक्का, मग चावा. तिसरा: खोल पाण्यात काही न कळता खालून आलेला. मृत्यू मुख्यतः दुसऱ्या-तिसऱ्या प्रकारात होतात, कारण जनावर मोठं असतं आणि परत येऊ शकतं.

'चुकून सील समजला' हे स्पष्टीकरण काही अंशी बरोबर आहे. २०२१ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या मॅक्वारी विद्यापीठाच्या अभ्यासात दिसलं की पिल्लू वयाच्या ग्रेट व्हाइटच्या नजरेला खालून पाहताना सर्फर आणि सील यांत फरक करणं अवघड आहे. प्रत्येक चावा मात्र त्याने सुटत नाही. अनोळखी वस्तू तपासायला शार्ककडे हात नाहीत, तोंड आहे. पाच मीटरच्या जनावराची तपासणीही माणसाच्या मांडीला महागात पडते.

रक्ताचा थेंब शार्कला मैलभरावरून कळतो? पाळी चालू असताना पोहू नये?

मैलभर ही अतिशयोक्ती. वास पाण्याबरोबर वाहत शार्कपर्यंत पोचावा लागतो. प्रवाह उलटा असेल तर तो जवळ असूनही त्याला कळत नाही. पाळीमुळे हल्ले वाढतात असा पुरावा नाही. माशांचं रक्त, आतडी, गळाचं आमिष यांपासून मात्र लांब राहावं.

धोका कमी करण्यासाठी काय पाळावं?

खाडीच्या मुखाशी, गढूळ पाण्यात, मासेमारी चालू असलेल्या जागी उतरू नये. पक्षी पाण्यावर सूर मारत असतील तर खाली माशांचा थवा आहे, आणि थव्याखाली कोण आहे ते दिसत नाही. पहाट, संध्याकाळ आणि रात्र टाळावी. (दिवसाढवळ्याही पुष्कळ चावे होतात, पण ते मुख्यतः माणसं तेव्हाच पाण्यात असतात म्हणून.) चमकणारे दागिने काढून ठेवावेत, ते माशाच्या खवल्यासारखे लकाकतात. एकटं लांब जाऊ नये. सोबतीचा खरा उपयोग चावा बसल्यावर कुणीतरी किनाऱ्यावर ओढून आणण्यात असतो.

जाळी, ड्रोन, विजेची उपकरणं, चुंबकाची कडी यांतलं काय चालतं?

सिडनीच्या किनाऱ्यांवर १९३७ पासून जाळी लावतात. ती भिंत नसते. साधारण १५० मीटर लांब आणि ६ मीटर उंच पट्टे असतात, शार्क बाजूने, वरून आरामात जातो. बरेच शार्क तर किनाऱ्याकडच्या बाजूने, परत जाताना अडकलेले सापडतात. कासवं, डॉल्फिन आणि पाकटं मरतात ते वेगळंच. म्हणून सिडनी ज्या राज्यात आहे त्या न्यू साउथ वेल्सने ड्रोनचा पहारा आणि सूचना देणारे गळ वापरायला घेतले: शार्क गळाला लागला की उपग्रहामार्फत निरोप जातो, पथक येऊन त्याला खूण बसवतं आणि किनाऱ्यापासून दूर नेऊन सोडतं.

अंगावर बाळगायच्या उपकरणांपैकी विजेचं क्षेत्र तयार करणारी काही चालतात, तीही अर्धीमुर्धी. २०१८ मध्ये फ्लिंडर्स विद्यापीठाने ग्रेट व्हाइटवर पाच साधनं तपासली. सगळ्यात चांगल्या विजेच्या उपकरणाने आमिष खाल्लं जाण्याचं प्रमाण ९६ टक्क्यांवरून ४० टक्क्यांवर आणलं. बाकीच्यांत, चुंबकी कडं आणि वासाचं मेण धरून, लक्षणीय फरक पडला नाही. चुंबकी कड्यावर पैसे घालवू नका.

समोर शार्क आला तर?

पाठ दाखवून हातपाय आपटत पळू नका. नजर त्याच्यावर ठेवा, पाठीशी खडक किंवा होडी घ्या, सावकाश मागे सरका. पाठ कमानीसारखी वाकवून, छातीचे पर खाली झुकवून तो झटके देत पोहत असेल तर ती धमकी आहे. जागा मोकळी करा. तरी अंगावर आलाच तर हातात असेल ती वस्तू मध्ये धरा: फळी, कॅमेरा, पायातला फिन. चावलाच तर डोळे आणि कल्ले यांवर जोराने मारा किंवा ओरबाडा. नाकावर मारायला हरकत नाही, पण नाकाखालीच तोंड आहे आणि उघडा हात तिथेच घसरतो.

चावा बसल्यावर पहिल्या पाच मिनिटांत काय करायचं?

रक्त थांबवायचं. मृत्यू बहुतेक वेळा मांडीच्या मोठ्या धमनीतून रक्त गेल्याने होतो आणि त्याला काही मिनिटं पुरतात.

पाण्याबाहेर काढताच, गरज पडली तर पाण्यातच, जखमेवर कापड दाबून धरा. पायातून जोराने रक्त येत असेल तर कमरेचं हाड आणि जननेंद्रिय यांच्या मधोमध, जांघेत मूठ रोवून सगळा भार टाका. हात सरळ हवेत, दाब सोडायचा नाही. दुसरा माणूस तोवर आवळपट्टी बांधेल: जखमेच्या ५ ते ८ सेंटिमीटर वर, गुडघ्यावर किंवा कोपरावर नाही. सर्फची दोरी चालते, पण बारीक सुतळी नको, ती मांस कापते आणि धमनी दबत नाही. दुखतं म्हणून बरेच जण सैल बांधतात, आणि नेमकं तिथे चुकतं. सैल पट्टीने शिरा दबते, धमनी चालू राहते, रक्त उलट जास्त जातं. रक्त थांबेपर्यंत आवळा. नाहीच थांबलं तर वर दुसरी बांधा. बांधल्याची वेळ कपाळावर किंवा हातावर लिहा आणि रुग्णालयात पोचेपर्यंत सोडू नका.

अंगावरचा वेटसूट (पाण्यात घालायचा घट्ट रबरी पोशाख) ओढून काढू नका, तो जखम दाबून धरतो. माणसाला आडवं ठेवा, कोरडं पांघरूण घाला, खायला-प्यायला काही देऊ नका. भारतात ११२ किंवा १०८ लावा. जखम लहान दिसली तरी डॉक्टरकडे जायलाच हवं: शार्कच्या तोंडातले आणि समुद्राच्या पाण्यातले जंतू, विशेषतः व्हिब्रिओ, दोन दिवसांत हातपाय सडवू शकतात. धनुर्वाताचं इंजेक्शन आणि योग्य प्रतिजैविक दोन्ही लागतात.

कोणत्या जातीचा शार्क होता हे कसं ठरवतात?

जखमेवरून. दातांच्या दोन खुणांमधलं अंतर आणि कमानीची रुंदी मोजली की जनावराच्या लांबीचा अंदाज येतो. ग्रेट व्हाइटचे वरचे दात त्रिकोणी आणि करवतीच्या काठाचे. टायगरचे तिरके, एका बाजूला खाच असलेले, कासवाची पाठ कापणारे. बुलचे वरचे रुंद, खालचे अरुंद. कधी जखमेत किंवा फळीत दाताचा तुकडा सापडतो आणि वाद तिथेच मिटतो. म्हणून शस्त्रक्रिया करताना सापडलेला तुकडा फेकून न देता स्वच्छ डबीत ठेवायला सांगावं, जखम धुण्याआधी शेजारी मोजपट्टी ठेवून फोटो काढावा (रक्त थांबलं असेल तरच), आणि फाटलेला वेटसूट किंवा फळी जपून ठेवावी. सोबत वेळ, पाण्याची खोली, पाणी किती गढूळ होतं, जवळ कुणी गळ टाकून बसलं होतं का आणि अंगावर कोणत्या रंगाचे कपडे होते, एवढं त्याच दिवशी लिहून काढावं.